तुझ्या फॉर्मवर माझी सही

सुमित्रे, तुझा बॅनर काल उतरवला. पंधरा दिवस चारकोपच्या नाक्यावर होता. त्यावर तुझा फोटो पासपोर्टच्या फोटोएवढा, आणि नव्या नगरसेविकेचा, हात जोडलेला, तुझ्या चौपट. खाली लिहिलेलं, ‘उत्तर भारतीय समाजसेविका सुमित्रादेवी यांना भावपूर्ण श्रद्धांजली’. तू असतीस तर बोलली असतीस, "शैले, माझ्या मयतात पण हिचाच प्रचार गो!" आणि इतकी जोरात हसली असतीस की रिक्षावाले वळून बघतील. मला काही हसू आलं नाही. तेवीस वर्षं इथे राबलीस, आणि गेल्यावर यांनी तुला उचलून परत उत्तरेत नेऊन ठेवलं.

आपल्या महिला मंडळाला तुझ्यावर दोन पानं हवी आहेत. "शैलाताई, तुम्हीच लिहा, तुमच्याइतकं तिला कोण ओळखतं? जरा गोड लिहा." तीन दिवस बसले गं. कुठूनही सुरुवात केली की पेन त्या फॉर्मपाशीच जाऊन थांबतं. तुझा निवडणुकीचा फॉर्म माझ्यामुळे बाद झाला, हे अख्ख्या चारकोपला माहीत आहे. पण ती माझी चूक होती, माझा वेंधळेपणा होता, असं सगळे धरून चाललेत. तूही तेच धरून गेलीस. ते तसं नव्हतं. सांगायला चौदा महिने होते माझ्याकडे, आणि मी सांगितलं नाही. आता सांगतेय, तू ऐकायला नसताना. यावरून मी किती शूर ते बघ.

पहिल्यांदा तुला पाहिलं ते एप्रिलात, मसाला कुटायच्या डंकावर. माझ्या सासूबाईंनी मिरच्या गच्चीत चार दिवस उन्हात वाळवलेल्या, धणे, बडीशेप, खसखस सगळं घरी भाजलेलं, आणि मी ते दोन पिशव्यांतून कुटायला आणलेलं. सासूबाई मागोमाग, कारण त्यांचा माझ्यावर विश्वास नाही आणि डंकवाल्यावर तर मुळीच नाही. तुझा नवरा तिथे कामाला होता, पण त्या दिवशी त्याची पाठ धरलेली म्हणून यंत्रावर तू उभी. डोक्यावर पदर, नाकाला फडकं, तुझी तीन वर्षांची पूजा मागे गोणीवर झोपलेली, त्या धडधडाटात! तू धणे हातात घेतलेस, वास घेतलास आणि सासूबाईंना म्हणालीस, "अम्मा, धनिया कच्चा है. जाला पकड़ेगा."

बापरे! सासूबाईंचा चेहरा मी जन्मात विसरणार नाही. "हिका कोणी इचारल्यान? मालवणी मसाल्यातला हिका काय कळता?"  तू यंत्र बंद केलंस आणि उभी राहिलीस. मागे रांग, बायका ओरडतायत, आणि तू कुटायला तयार नाहीस. शेवटी मी मूठभर धणे चावून बघितले. हिरवे लागले. आम्ही पिशव्या उचलून घरी आलो, पुन्हा भाजले, संध्याकाळी पुन्हा आलो. त्या वर्षीचा मसाला पुढच्या शिमग्यापर्यंत टिकला आणि सासूबाईंनी ते कधीही कबूल केलं नाही. पण पुढच्या एप्रिलात त्या तुझ्याकडेच आल्या.

नंतरचं सगळं तूच केलंस, मी फक्त बरोबर होते. लोकांना वाटतं आपण दोघींनी मिळून धंदा उभा केला, तसं मी कुणाला वाटू दिलं. खरं म्हणजे तुझा नवरा पाठीच्या दुखण्याने गावी गेला आणि तिथेच वारला. दीर तुला न्यायला आले तेव्हा तू म्हणालीस, "सीझन चालू आहे, नंतर येते." नंतर गेलीच नाहीस. डंकाचा मालक म्हातारा झाला, त्याच्याकडून तू डंक घेतलास. मग मला म्हणालीस, लोकांकडे मिरच्या वाळवायला गच्ची राहिली नाही, टॉवरवाले गच्चीला कुलूप लावतात, आपणच मसाला तयार करून विकू. कृती तुझ्या सासूची, यंत्र माझं. मी म्हटलं, वेडी झालीस काय? चार वर्षांत इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये आपला गाळा होता, तीस बायका कामाला, बोरिवलीला स्टेशनजवळ दुकान. मसाला, कुळथाचं पीठ, माशाला लावायचं तिखट, आणि सुकी मासळी.

सुकी मासळी! जन्माची शाकाहारी बाई तू. वर्सोव्याला पहिल्यांदा माझ्याबरोबर आलीस तेव्हा पदर तोंडात कोंबून उभी होतीस आणि मी हसून हसून मेले. तिथल्या कोळणी तुला बघून डोळे मिचकावत होत्या. पाच-सहा खेपांनंतर तू बोंबील नुसता बोटांत वाकवून सांगायचीस, हा गेल्या वर्षीचा आहे, हा नको. कोळणी मग तुझ्याशी घासाघीस करायला घाबरायच्या. कधी तुकडा जिभेवर ठेवला नाहीस. मी विचारलं, अगं चव कशी कळते तुला? तू बोललीस, "गिऱ्हाइकाचं तोंड बघून."

आणि तुझी भाषा. मराठी तू डंकावर येणाऱ्या बायकांकडून शिकलीस, म्हणजे आधी मालवणी शिकलीस आणि मराठी मागाहून. बँकेच्या साहेबाला "तुमका काय होया ता सांगा" म्हणाली होतीस, आठवतं? तो बिचारा नागपूरचा. दोन मिनिटं नुसता बघतच राहिला.

आपलं खरं भांडण झालं ते लेबलवरून. पाकिटावर नाव काय टाकायचं? तू म्हणालीस, ‘सुमित्राचा मसाला’, बायका असंही तेच म्हणतात. मी म्हटलं, "मालवणी मसाल्यावर सुमित्रादेवी? कोण घेईल? जरा विचार कर."  मग छपाईवाल्याने एक चित्र काढून दिलं, नऊवारीतली, नथ घातलेली कुणी बाई. तुझ्यासारखी नाही, माझ्यासारखी नाही, सासूबाईंसारखी तर नाहीच नाही. नाव ‘काकींचा मसाला’. तू पाकीट हातात घेऊन बराच वेळ बघितलंस आणि विचारलंस, "ही कोण गो?" मी म्हटलं, कोणी नाही, असंच. "मग ठीक आहे," म्हणालीस. पण वर्षातून एकदा तरी तू तो विषय काढायचीस आणि मी टाळायचे. शेवटच्या दिवाळीतही काढलास. मी म्हटलं बघू. आता काय बघणार?

तुला राजकारणात जाऊ नको म्हणून मी किती सांगितलं. धंदा कर, पोरगी शिकव, कशाला त्या चिखलात? पण तुझं सुरू झालं ते शौचालयावरून. इस्टेटमध्ये एवढे गाळे, एवढ्या बायका, आणि बायकांसाठी एक धड शौचालय नाही. आपल्या बायका सकाळपासून पाणी प्यायच्या नाहीत. तू अर्ज दिलेस, चपला झिजवल्यास, कुणी दाद दिली नाही. मग एके दिवशी बारा बायका घेऊन वॉर्ड ऑफिसात गेलीस. मीही होते. साहेबांसमोर उभी राहिलीस आणि नम्रपणे म्हणालीस, "साहेब, आमच्याकडे नाही, म्हणून आम्ही तुमचं वापरायला आलोय. रोज अकराला येऊ." आणि खरंच रोज अकराला गेलो. साहेबांच्या केबिनबाहेर बारा बायकांची रांग, मसाल्याच्या वासाची. स्टाफ शिंकून शिंकून बेजार. महिन्याच्या आत शौचालय मंजूर. मी आयुष्यात इतकी मजा केली नाही गं. त्या दिवसांसाठी मी तुझी ऋणी आहे. मी घरात बसणारी, सासूला घाबरणारी बाई, आणि साहेबाच्या केबिनबाहेर ताठ उभी.

मग पक्षाने तुला बोलावलं. मोर्चाला बायका आण, हळदीकुंकू कर, रक्तदानाला लोक आण. दहा वर्षं तू ते सगळं केलंस. वॉर्ड महिलांसाठी सुटला तेव्हा आपल्या गाळ्यात पेढे वाटले, कारण तिकीट तुझंच, यात कुणाला शंका नव्हती. आणि पक्षाने तिकीट दिलं आपल्या सेक्टरमधल्या एका शाळेच्या बाईंना, ज्या कधी नळावरच्या भांडणातही दिसल्या नाहीत, त्याच आताच्या नगरसेविका. तुला सांगितलं, "ताई, तुमचं काम मोठं आहे, पण इथे मराठी चेहरा लागतो." तू घरी आलीस, तोंड धुतलंस, आरशात बघितलंस आणि मला म्हणालीस, "शैले, चेहऱ्याचं काय करू मी?" मी काहीतरी बोलले, मूर्ख आहेत मेले, असंच काहीतरी. दुसऱ्या दिवशी तू अपक्ष उभं राहायचं ठरवलंस.

फॉर्मवर उमेदवाराचं नाव सुचवणारा सूचक लागतो, त्याच वॉर्डातला मतदार. तू गाळ्यात सगळ्यांसमोर म्हणालीस, "पहिली सही शैलाची." मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार होते?

आता ऐक. आमची बिल्डिंग पाडून टॉवर बांधला, तेव्हा तीन वर्षं आम्ही बोरिवलीला भाड्याने होतो, तुला माहीतच आहे. तेव्हा ह्यांनी काही कागदपत्रांच्या भानगडीत माझं मतदारयादीतलं नाव बोरिवलीला नेलं होतं. परत आलो तरी नाव तिकडेच. निवडणुकीआधीच्या पावसाळ्यात यादीवाल्या बाई घरी आल्या होत्या. त्यांनी स्पष्ट सांगितलं, "तुमचं नाव इथे नाही, हा फॉर्म भरा." मी तो फॉर्म फ्रिजवर ठेवला आणि राहिला. इथपर्यंत आळस होता, सुमित्रे. इथपर्यंत मी कुणालाही तोंड वर करून सांगू शकते.

तू माझं नाव जाहीर केलंस आणि तिसऱ्या दिवशी आमच्या कोकणी मंडळाचे दादा घरी आले. ह्यांचे जुने स्नेही, वयस्कर माणूस, आवाज चढवत नाहीत. चहा घेतला, इकडचं तिकडचं बोलले, आणि उठताना म्हणाले, "वहिनी, मैत्री ठेवा, कोण नाही म्हणतो? पण आपल्या माणसाविरुद्ध त्यांच्या फॉर्मवर तुमची सही? लोक विचारतात." बिल्डिंगमधल्या बायका तर लिफ्टमध्ये माझ्याकडे बघून गप्प व्हायला लागल्या. हे म्हणाले, "तुझं तू ठरव." म्हणजे ‘करू नको’, हे तुला माहीत आहे.

पण सगळं त्यांच्यावर ढकलत नाही मी. माझ्या आतही होतं. सासूबाईंचं शेवटचं दुखणं आठव. मी रात्रंदिवस केलं, बेडपॅनपासून सगळं, आणि दुपारी तू येऊन त्यांच्या पायाला तेल लावायचीस. एके दिवशी मी चहा घेऊन खोलीत आले तर त्या तुझ्या कानात काहीतरी सांगत होत्या. दगडफूल किती घालायचं, कधी घालायचं. वीस वर्षं मी विचारत होते, मला कधी नीट सांगितलं नाही. ‘अंदाजान घाल’ म्हणायच्या. तुला सांगितलं. तू मला तिथल्या तिथे सांगायला लागलीस तर मी म्हटलं, राहू दे, मला कामं आहेत. मला ते किती लागलं, तुला कधी कळलं नाही. लोक ‘सुमित्राचा मसाला’ म्हणायचे तेव्हा मी वरवर हसायचे. आणि तू भाषणात म्हणायचीस, "आमच्या मालवणी लोकांचा." आमच्या! मला वाटायचं, माझ्याकडे काय उरलं आता?

तर फॉर्म भरायच्या शेवटच्या दिवशी, सकाळी, तुझ्या वकिलाच्या माणसाचा फोन आला. "मॅडम, यादीतला तुमचा नंबर सांगा." मी ड्रॉवर उघडला. मतदानाची जुनी चिठ्ठी होती, पाडायच्या आधीच्या बिल्डिंगची, चारकोपच्या यादीतली. हातात घेतली. मला माहीत होतं की हा नंबर आता माझा नाही. विसरले नव्हते, गडबडीत नव्हते, काही नाही. तेव्हा ‘मी नको, दुसरं कुणी घ्या’ एवढं म्हटलं असतं तर तासाभरात तुला दहा बायका मिळाल्या असत्या. पण मग तुला तोंडावर नाही म्हणावं लागलं असतं. आणि सही टिकली असती तर बाकीच्यांना तोंड कसं दाखवलं असतं? मी नंबर वाचून दाखवला. एकेक आकडा, सावकाश. त्याने परत म्हणून दाखवला आणि मी हो म्हटलं.

दुपारी सही करायला आले तेव्हा वकील तुला म्हणत होते, "दुसरा एक सेट भरून ठेवू, सूचक वेगळा. एखादा बाद झाला तर दुसरा असतो. नाहीतर यांच्या नावाचं यादीचं पान तरी काढून बघू." तू पेन माझ्या हातात दिलंस आणि त्यांना म्हणालीस, "शैलाचं काय बघायचं?" मी खाली मान घालून सही केली. सही छान आली, वळणदार.

छाननीच्या दिवशी मी बाहेर पाण्याची बाटली घेऊन उभी होते. आत समोरच्यांच्या माणसाने हरकत घेतली. त्या नंबरावर कुणा पुरुषाचं नाव निघालं, माझं बोरिवलीच्या यादीत. तू अधिकाऱ्याला सांगत होतीस ते मला दारातून ऐकू येत होतं, "साहेब, बाई माझ्या समोरच्या बिल्डिंगमध्ये राहते. बाहेर उभी आहे. बोलवू?" ते म्हणाले, नियम आहे, ताई. तू बाहेर आलीस. मला वाटलं आता माझ्या थोबाडीत देशील. द्यायला हवी होतीस. तू म्हणालीस, "शैले, तुझं नाव अजून बोरिवलीत हा गो!" मी रडायला लागले तर माझ्या पाठीवर हात ठेवलास. "गप. रडू नको. लोक बघतात." दहा वर्षांची मेहनत पाण्यात गेली होती तुझी, आणि तू माझं सांत्वन करत होतीस. मी खरंच रडत होते, सुमित्रे. ते नाटक नव्हतं. पण तू ज्यासाठी समजलीस त्यासाठी नव्हतं.

जो भेटेल त्याला तू सांगितलंस, घर पाडलं, नाव गेलं, त्यात तिची काय चूक? आमच्या बिल्डिंगमधल्या बायका माझ्याशी पुन्हा बोलायला लागल्या. मंडळाच्या दादांनी गणपतीत मला आरतीचं ताट दिलं. सगळं जागच्या जागी आलं माझं.

आणि महिनाभरात तू माझ्यापुढे एक फॉर्म घेऊन हजर. "चल, आधी तुझं नाव इकडे आणू." मला घेऊन गेलीस, रांगेत उभी राहिलीस, माझा फोटो चिकटवलास, विजेचं बिल जोडलंस, मला फक्त सही करायला लावलीस. नाव आलं तेव्हा गाळ्यात सगळ्यांना सांगितलंस. "पुढच्या वेळी पण पहिली सही शैलाचीच." पुढची वेळ पाच वर्षांनी. मी म्हटलं, हो गं. आता माझं नाव चारकोपच्या यादीत आहे आणि तुझं काढून टाकायचा अर्ज पूजाने दिला.

हॉस्पिटलात नऊ दिवस होतीस. मी रोज दुपारी यायचे. चौथ्या दिवशी तुला जरा बरं होतं, उठून बसली होतीस, सीझन चाललाय आणि मी इथे पडलेय म्हणून कुरकुरत होतीस. खोलीत कुणी नव्हतं. मी म्हटलं, "सुमित्रे, तुला एक सांगायचंय." तू म्हणालीस, "सांग." माझ्याकडे बघत राहिलीस. कुणी आलं नाही, फोन वाजला नाही, मला कुणी अडवलं नाही. मी म्हटलं, "यंदा बेडगी मिरची नीट लाल नाही गं." तू म्हणालीस, मग थोडी काश्मिरी वाढव. सातव्या दिवशी नळी घातली आणि बोलणं बंद झालं.

तू पूजाला बजावलं होतंस, मला गावाला नेऊ नका, मी इथली आहे. दीर आले आणि अस्थी बनारसला घेऊन गेले. पूजा एकटी पोर, किती भांडणार? गाळा बंद होणार आहे. तुझ्याशिवाय दोन महिनेही चालणार नाही, हे मला पहिल्याच आठवड्यात कळलं. बायका मलाच विचारतात, ताई, आता काय? मला काही येत नाही गं. दगडफुलाचं माप तू घेऊन गेलीस. तीस बायका पुन्हा कुणाच्या ना कुणाच्या घरी पोळ्या लाटायला जातील. शौचालयाला कुलूप आहे, आणि त्यावर नव्या नगरसेविकेचं नाव.

काल पूजा आली होती. स्वयंपाकघरात आली, लहानपणी बसायची तशी ओट्याशेजारी स्टुलावर बसली. मी चहा टाकला. ती म्हणाली, "मावशी, मम्मीने एक सांगायला सांगितलं होतं. नळी घालायच्या आदल्या दिवशी. ती बोलली, शैलाला सांग, फॉर्मचं मनाला लावून घेऊ नको. त्या दिवसापासून ती नीट हसत नाही. तिची काही चूक नव्हती."

मी गॅसकडे बघत होते. वाटलं, हो म्हणावं, डोळे पुसावेत, संपवावं. आतापर्यंत तेच केलं होतं. पण तुझा निरोप असा घेववेना. मी तिला सगळं सांगितलं. यादीवाल्या बाई, मंडळाचे दादा, ड्रॉवरमधली चिठ्ठी, सगळं. आत्ता तुला सांगितलं तेच, तिला आधी सांगितलं.

 शेवटी ती म्हणाली, "नंबर देताना तुला माहीत होतं?"

"हो."

"मम्मीला कळलं होतं?"

"नाही. कधीच नाही."

चहा उतू जात होता. तिनेच उठून गॅस बंद केला. पर्स घेतली, दारात चपला घातल्या, आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "मग बरं झालं ती गेली."

पंधरा दिवस जो येतो तो माझा हात धरून म्हणतो, फार वाईट झालं, एवढ्यात जायला नको होती. तू गेलीस ते बरं झालं असं आत्तापर्यंत एकच माणूस म्हणालं, सुमित्रे. तुझी मुलगी. आणि तिला तसं म्हणायला मी लावलं.